विश्लेषण : अंबाबाईच्या हातातील म्हाळुंग ज्यूंच्या सणात कसे पोहोचले?

कोल्हापूरच्या अंबाबाईच्या चार हातांपैकी उजव्या खालच्या हातात एक फळ आहे. साडी, अलंकार आणि फुलांच्या पूजेत ते अनेकदा झाकले जाते, त्यामुळे वर्षानुवर्षे दर्शन घेणाऱ्यांनाही ते कोणते फळ आहे हे सांगता येईलच असे नाही. हे फळ म्हाळुंग. नेमके हेच फळ शरद ऋतूत जगभरातील ज्यू हातात घेऊन प्रार्थना करतात. ते त्याला ‘एत्रोग’ म्हणतात. २०२५मध्ये २२ सप्टेंबरला कोल्हापुरात घटस्थापना झाली आणि त्याच दिवशी सूर्यास्तानंतर ज्यूंचे नवे वर्ष सुरू झाले. ६ ऑक्टोबरला कोजागरी होती, त्याच संध्याकाळी ज्यूंचा सुक्कोत हा सण सुरू झाला. एकाच फळाला इतक्या दूरच्या दोन परंपरांत मान कसा मिळाला आणि महाराष्ट्रातील मराठी भाषक ज्यूंचा त्याच्याशी काय संबंध, याविषयी...

म्हाळुंग म्हणजे नेमके कोणते फळ?

म्हाळुंग किंवा महाळुंग हे लिंबू कुळातील फळ आहे. त्याचे शास्त्रीय नाव ‘सिट्रस मेडिका’. संस्कृतात त्याला मातुलुंग, मातुलिंग आणि बीजपूर अशी नावे आहेत. हिंदीत ते बिजौरा, गुजरातीत बिजोरुं, तर कन्नडमध्ये मादळ. इंग्रजीत त्याला सिट्रॉन म्हणतात. ईडलिंबू किंवा पपनस यांच्याशी त्याची अनेकदा गल्लत होते. म्हाळुंगाची साल जाड, खडबडीत आणि अतिशय सुगंधी असते. सालीखाली पांढऱ्या गराचा जाड थर असतो. मधला रसाचा भाग लहान आणि त्यात बिया भरपूर. त्यामुळे लिंबासारखे पिळून वापरण्यापेक्षा लोणचे, मुरंबा, पाक आणि औषध यांसाठी त्याचा उपयोग जास्त. आयुर्वेदात अरुची, ओकारी आणि अपचन यांवर मातुलुंगाचा वापर सांगितला आहे.

वनस्पतिशास्त्रात या फळाचे स्थान मोठे आहे. आज बाजारात दिसणारी बहुतेक लिंबूवर्गीय फळे ही संकरातून तयार झालेली आहेत. म्हाळुंग, पपनस आणि मँडरिन गटातील मूळ संत्री या त्यामागच्या प्रमुख मूळ जाती. गेल्या काही वर्षांतील जनुकीय अभ्यासांनुसार पिवळे लांबट लिंबू हे आंबट नारिंग आणि म्हाळुंग यांच्या संकरातून आले, तर आपले कागदी लिंबू एक रानटी जात आणि म्हाळुंग यांच्यापासून. दोन्हींत परागकण देणारे झाड, म्हणजे पितृवृक्ष, म्हाळुंगच. कोल्हापुरी मिसळीच्या ताटलीत ठेवलेल्या लिंबाच्या फोडीचा बाप अंबाबाईच्या हातात आहे, असे म्हटले तरी ते शास्त्राला धरून होईल.

अंबाबाईच्या हातात हे फळ का?

मार्कंडेय पुराणातील देवीमाहात्म्य म्हणजेच सप्तशतीला जोडून जी तीन ‘रहस्ये’ म्हटली जातात, त्यांतील प्राधानिक रहस्यात महालक्ष्मीचे वर्णन येते. ही महालक्ष्मी विष्णुपत्नी कमलधारिणी लक्ष्मी नव्हे; तिच्यापासूनच इतर देवता आणि सृष्टी प्रकटली अशी ती आदिशक्ती आहे. तिच्या हातात मातुलिंग, गदा, ढाल आणि पानपात्र असते. मस्तकावर नाग, लिंग आणि योनी ही चिन्हे असतात. कोल्हापूरची मूर्ती या वर्णनाशी जुळते. हातात कमळाऐवजी म्हाळुंग असणे ही तिची महत्त्वाची ओळख आहे. अंबाबाई की लक्ष्मी, या कोल्हापुरात वारंवार उठणाऱ्या चर्चेत म्हणूनच या फळाचा दाखला दिला जातो.

त्याचा अर्थ काय? बीजपूर या नावातच उत्तर आहे : बियांनी भरलेले फळ. बीजातून सृष्टी, म्हणून सृष्टीची जननी ते धारण करते, हा एक अर्थ. टीकाकारांनी त्याला प्राण्यांच्या कर्मांची रास, म्हणजे कर्मफळ, असाही अर्थ दिला आहे. हे फळ केवळ देवीच्या हातात नाही. शैव परंपरेतील लकुलीशाच्या मूर्तीत एका हातात दंड, तर दुसऱ्या हातात बीजपूर असते. बौद्धांचा धनदेव जंभल याच्याही हातात ते दिसते. गणपतीच्या काही ध्यानांत त्याचा उल्लेख आहे. रायगड जिल्ह्यातील घारापुरी लेण्यात सदाशिवाच्या भव्य शिल्पातील मधल्या मुखाच्या हातात म्हाळुंग असल्याचे मूर्तिशास्त्राचे अभ्यासक मानतात.

ज्यू परंपरेत त्याचे स्थान काय?

हिब्रू पंचांगातील तिश्री महिन्याच्या पौर्णिमेला सुक्कोत सुरू होतो आणि सात दिवस चालतो. इजिप्तमधील गुलामीतून सुटल्यावर ज्यूंचे पूर्वज वाळवंटात ४० वर्षे भटकले, त्या काळातील तात्पुरत्या निवाऱ्याची ही आठवण. घराबाहेर किंवा सिनेगॉगच्या अंगणात झावळ्या-फांद्यांनी शाकारलेला मांडव घालून त्यात जेवण केले जाते. या मांडवाला ‘सुक्का’ म्हणतात, त्याचेच अनेकवचन सुक्कोत. पिके घरात आल्यावरचा हा कृतज्ञतेचा सणही आहे.

या सणात चार वनस्पती एकत्र हातात धरायच्या असतात. खजुराचा न उमललेला कोंब म्हणजे लुलाव, मर्टलच्या तीन डहाळ्या, वाळुंजाच्या दोन डहाळ्या आणि एक म्हाळुंग. पहिल्या तिन्हींची जुडी उजव्या हातात आणि म्हाळुंग डाव्या हातात घेऊन आशीर्वचन म्हटले जाते. नंतर दोन्ही हात जुळवून ही जुडी चार दिशांना, वर आणि खाली अशी सहा दिशांना हलवतात. शब्बाथला म्हणजे शनिवारी मात्र ती हातात घेत नाहीत.

प्राचीन ज्यू धर्मगुरूंनी या चौघांचा सुंदर अर्थ लावला आहे. म्हाळुंगाला चव आणि सुगंध दोन्ही आहेत. खजुराला चव आहे पण सुगंध नाही. मर्टलला सुगंध आहे, चव नाही. वाळुंजाला दोन्ही नाही. चव म्हणजे विद्या आणि सुगंध म्हणजे सत्कर्म. समाजात दोन्ही असलेले, एकच असलेले आणि काहीच नसलेले असे सगळे लोक असतात. त्यांतील एकालाही वगळले तर विधी पुरा होत नाही. दुसऱ्या एका अर्थानुसार लुलाव हा कणा, मर्टलचे पान डोळा, वाळुंजाचे पान ओठ आणि म्हाळुंग हे हृदय आहे.

धर्मग्रंथात म्हाळुंगाचे नाव आहे का?

नाही, आणि हीच या परंपरेतील रंजक बाब आहे. बायबलच्या लेवीय या पुस्तकाच्या २३व्या अध्यायात सणासाठी जी आज्ञा आहे, तिच्यात खजूर आणि वाळुंज ओळखू येतात. पण फळाबाबत फक्त ‘सुंदर झाडाचे फळ’ एवढेच म्हटले आहे. नहेम्याच्या पुस्तकात मांडवासाठी आणायच्या फांद्यांची यादी आहे, त्यातही म्हाळुंग नाही. सुंदर झाडाचे फळ म्हणजे म्हाळुंगच, हे परंपरेने ठरवले.

त्यासाठी दिलेले कारण मोठे चतुर आहे. ‘सुंदर’ या अर्थाच्या ‘हादार’ या हिब्रू शब्दाची फोड ‘हा-दार’ म्हणजे ‘राहणारे’ अशीही होते. वर्षभर झाडावर राहणारे फळ कोणते, तर म्हाळुंग. झाडावर एकाच वेळी फूल, कोवळे फळ आणि पिकलेले फळ दिसते, हे निरीक्षण ग्रीक विद्वान थिओफ्रास्टस यानेही इसवी सनपूर्व चौथ्या शतकाच्या अखेरीस नोंदवले आहे. हे फळ खात नाहीत, पण त्याचा वास सुंदर येतो, ते कपड्यांत ठेवले तर कसर लागत नाही आणि विषावर ते उतारा आहे, असे तो लिहितो. तो त्याला ‘मीडियाचे किंवा पर्शियाचे सफरचंद’ म्हणतो. शास्त्रीय नावातील ‘मेडिका’ हा शब्द या मीडियावरून, म्हणजे आजच्या वायव्य इराणवरून आला. औषधाशी त्याचा संबंध नाही.

म्हणजे एकीकडे ज्यूंकडे वर्णन होते आणि त्याला साजेसे फळ परंपरेने शोधले. दुसरीकडे करवीरात दगडात कोरलेले फळ आहे आणि ते कोणते, हे पोथी सांगते.

भारतातून जेरुसलेमपर्यंत ते कसे गेले?

लिंबूवर्गीय फळांचे मूळ आसाम, उत्तर म्यानमार आणि चीनचा युनान प्रांत या हिमालयाच्या आग्नेय पायथ्याच्या पट्ट्यात असल्याचे २०१८मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या जनुकीय अभ्यासात दिसून आले. म्हाळुंग तेथून भारतभर पसरले, पुढे इराणमध्ये गेले आणि तेथून भूमध्य समुद्राकाठी पोहोचले. त्या प्रदेशात पोहोचलेले हे पहिले लिंबूवर्गीय फळ. लिंबू आणि संत्री यांना तेथे जाण्यास आणखी अनेक शतके लागली. एत्रोग हा शब्दही फारसी ‘तुरुंज’ आणि अरबी ‘उत्रुज’ यांच्या कुळातील आहे.

या प्रवासाचा एक ठोस पुरावा जेरुसलेमजवळील रामत राहेल येथे सापडला. तेथे पर्शियन राजवटीच्या काळातील, म्हणजे इसवी सनपूर्व पाचव्या-चौथ्या शतकातील, एका राजवाड्याची बाग होती. बागेतील भिंतीच्या गिलाव्यात त्या काळी हवेतील परागकण चिकटून बसले. तेल अवीव विद्यापीठाच्या संशोधकांनी गिलाव्याचे थर सोडवून ते तपासले, तेव्हा त्यात म्हाळुंगाचे परागकण मिळाले. हे झाड तेथे मुळात उगवत नाही. त्यामुळे राजसत्तेची शान दाखवण्यासाठी परदेशातून आणून लावलेल्या झाडांत ते असावे, असा निष्कर्ष निघाला. श्रीमंतांच्या बागेतील ही परदेशी नवलाई पुढे सामान्य ज्यूच्या हातातील धर्मचिन्ह झाली.

राजकारणात हे फळ कसे आले?

इसवी सनपूर्व पहिल्या शतकाच्या आरंभी अलेक्झांडर यानाय हा राजा मुख्य धर्मगुरूही होता. सुक्कोतच्या दिवशी तो वेदीसमोर उभा असताना त्याच्यावर नाराज असलेल्या लोकांनी हातातील म्हाळुंगे फेकून त्याला मारले, असे इतिहासकार जोसेफस याने लिहिले आहे. त्यानंतर राजाने सुमारे सहा हजार लोकांना ठार केले, असेही तो सांगतो. सण साजरा करायला आलेल्या प्रत्येकाच्या हाती म्हाळुंग असे, हे या प्रसंगावरून कळते.

पुढे रोमन सत्तेविरुद्ध ज्यूंनी उठाव केला तेव्हा त्यांच्या नाण्यांवर राजाचा चेहरा नव्हता. लुलाव आणि म्हाळुंग होते. इसवी सन ७०मध्ये जेरुसलेमचे मंदिर पाडले गेले. १३२ ते १३५ या काळात बार कोखबाच्या नेतृत्वाखाली पुन्हा उठाव झाला. त्याच्याही नाण्यांवर हेच चिन्ह आहे. १९६०-६१मध्ये पुरातत्त्वज्ञ यिगाएल यादिन यांना मृत समुद्राजवळच्या एका गुहेत बार कोखबाची पत्रे सापडली. त्यांतील एका पत्रात, दोन गाढवे पाठवत आहे, त्यांवर छावणीसाठी लुलाव आणि एत्रोग लादून पाठवा, मर्टल आणि वाळुंज तुमच्याकडून मिळवा, अशी सूचना आहे. युद्ध हरण्याच्या बेतात असतानाही सणाच्या चार वस्तू सैनिकांपर्यंत पोहोचाव्यात, याची काळजी सेनापती करत होता.

मंदिर गेले, यज्ञ थांबले, ज्यू जगभर विखुरले. तेव्हा हातात धरता येईल आणि कुठेही नेता येईल असा हा विधी टिकला. गॅलिलीतील हम्मात तिबेरियास आणि उत्तर इस्रायलमधील बेथ अल्फा येथील प्राचीन सिनेगॉगच्या रंगीत फरशांवर म्हाळुंगाची चित्रे आहेत.

त्याची इतकी पारख का केली जाते?

सुक्कोतच्या आधी ज्यू वस्त्यांच्या बाजारात लोक भिंग घेऊन म्हाळुंगे पारखताना दिसतात. फळ अखंड हवे. त्यावर डाग, भोक किंवा सुकलेला भाग नको. आकार किमान कोंबडीच्या अंड्याएवढा हवा. टोकाला फुलाच्या कुक्षीचा जो अवशेष राहतो, त्याला ‘पिताम’ म्हणतात. काही फळांत तो वाढतानाच गळतो, ती चालतात. पण असलेला पिताम नंतर मोडला तर ते फळ बाद होते. म्हणूनच ते कापसात किंवा तागाच्या धाग्यांत गुंडाळून पेटीत ठेवतात.

सणाच्या पहिल्या दिवशी फळ स्वतःच्या मालकीचे असावे लागते. मग एका गावात एकच फळ असेल तर? त्याचे उत्तर तालमूद या ग्रंथातील एका गोष्टीत आहे. चार विद्वान जहाजातून प्रवास करत होते. चौघांत फक्त रब्बान गमलिएल यांच्याकडे सणाची जुडी होती आणि तीही त्यांनी हजार झूझ एवढ्या प्रचंड किमतीला घेतली होती. त्यांनी विधी केला आणि ती दुसऱ्याला भेट दिली, दुसऱ्याने तिसऱ्याला, तिसऱ्याने चौथ्याला आणि चौथ्याने ती परत गमलिएल यांना दिली. उत्तरेकडील थंड युरोपात हे फळ पिकत नसे. तेथे अख्ख्या गावाने वर्गणी काढून एक म्हाळुंग आणायचे आणि सर्वांनी ते आळीपाळीने हातात घ्यायचे, ही रीत शतकानुशतके होती.

२००४मधील ‘उश्पिझिन’ हा हिब्रू चित्रपट या पारखीवरच बेतलेला आहे. मूल नसलेले एक गरीब जोडपे अपत्यप्राप्तीच्या आशेने हजार शेकेलचे देखणे म्हाळुंग घेते आणि घरी आलेला पाहुणा अजाणतेपणी ते लिंबू समजून कोशिंबिरीवर पिळतो. अपत्याशी या फळाचा संबंध जुना आहे. गरोदर स्त्रीने ते खाल्ले तर मूल सुगंधी होते, असे तालमूदमध्ये म्हटले आहे. सण संपल्यावर गरोदर स्त्रीने पिताम दाताने तोडला तर बाळंतपण सोपे होते, अशीही समजूत आहे. आपल्याकडील बीजपूर आणि जगन्माता यांची सांगड आणि ही समजूत एकमेकींपासून फार लांब नाहीत.

कलमाचा वाद काय आहे?

म्हाळुंगाचे झाड नाजूक असते, त्याला रोग लवकर लागतात. त्यामुळे ते लिंबाच्या किंवा नारिंगाच्या खुंटावर बांधले तर चांगले तगते. पण १६व्या शतकापासून ज्यू धर्मगुरूंनी असे कलमी फळ सुक्कोतसाठी वर्ज्य ठरवले. दोन भिन्न जातींची झाडे जोडणे धर्मात निषिद्ध आहे, हे एक कारण. अशा झाडाचे फळ निखळ म्हाळुंग राहत नाही, ही दुसरी धारणा.

या निर्णयाने म्हाळुंगाच्या व्यापाराचा नकाशा बदलला. १९व्या शतकात ग्रीसच्या कोर्फू बेटावरील देखण्या फळांवर ती कलमी असल्याचा संशय घेतला गेला, भावही अव्वाच्या सव्वा झाले. १८९१मध्ये तेथे ज्यूंवर खुनाचा खोटा आळ घेऊन दंगल झाली, तेव्हा अनेक ज्यूंनी कोर्फूच्या फळांवर बहिष्कार टाकला. पॅलेस्टाइनमध्ये लावलेल्या बागांना त्यामुळे बाजार मिळाला. आज इस्रायलखेरीज इटलीचा कालाब्रिया प्रांत आणि मोरोक्कोचा डोंगराळ भाग येथील म्हाळुंगांना मागणी असते. कालाब्रियात धर्मगुरू स्वतः बागेत जाऊन झाडाचा बुंधा तपासतात आणि मगच फळ तोडले जाते.

विज्ञान काय सांगते? खुंट कोणताही असला तरी वरच्या फांदीची जनुके बदलत नाहीत. जंबेरीच्या खुंटावर नागपुरी संत्र्याचा डोळा भरला तरी फळ संत्र्याचेच येते, हे विदर्भातील कोणताही बागाईतदार सांगेल. बदल होतो तो परागसंकराने. म्हाळुंगाचे फूल बहुतांशी स्वपरागीभवन करते, त्यामुळे ही जात हजारो वर्षे बरीचशी निखळ राहिली. कालाब्रिया, मोरोक्को, येमेन येथील पारंपरिक वाणांच्या तपासणीतही ती खरी म्हाळुंगेच असल्याचे आढळले. पण धर्मनियमाचा कस जनुकांवर लागत नाही. झाड कसे वाढवले यावर लागतो. म्हणून वाद विज्ञानाने मिटलेला नाही.

मराठी ज्यूंचा याच्याशी संबंध काय?

महाराष्ट्रातील ज्यू म्हणजे मुख्यत्वे बेने इस्रायल. अलिबागजवळच्या नवगाव किनाऱ्यावर जहाज फुटून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या, त्यांचे आपण वंशज, अशी त्यांची परंपरा सांगते. हे लोक रायगडच्या गावांत तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी काम बंद ठेवत, म्हणून त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. पेणकर, रोहेकर, किहिमकर, दिवेकर ही आडनावे गावांवरून आली. भाषा मराठी. सणांची नावेही मराठी : नववर्ष म्हणजे ‘नव्याचा सण’, योम किप्पूर म्हणजे ‘दरफाळणीचा सण’, तर तिश्री महिन्यातच नारळाचे दूध आणि गूळ घालून खीर करण्याचा ‘खिरीचा सण’. मुंबईत १७९६मध्ये सॅम्युअल इझिकेल दिवेकर यांनी ‘शआर हाराहमीम’ हे पहिले सिनेगॉग बांधले. बेने इस्रायल त्याला ‘मशीद’ म्हणत. मध्य रेल्वेच्या मशीद स्थानकाचे नाव त्यावरूनच पडल्याचे सांगितले जाते. याच काळात कोचीनच्या ज्यू शिक्षकांच्या संपर्कातून हिब्रू प्रार्थना आणि विधी समाजात पुन्हा घट्ट झाले. पुण्याच्या रास्ता पेठेतील बेने इस्रायलांच्या सिनेगॉगचे नाव ‘सुक्कथ शेलोमो’ आहे. त्यातील ‘सुक्कथ’ हा शब्द सुक्का म्हणजे मांडव यावरूनच आला.

कलमी की निखळ, हा प्रश्न या समाजाला फळापुरता राहिला नाही. १९४८नंतर बेने इस्रायल मोठ्या संख्येने इस्रायलला गेले, तेव्हा ते ‘पूर्ण ज्यू’ आहेत का, अशी शंका तेथील धर्मपीठाने घेतली. विवाहासाठी त्यांच्या वंशाची चौकशी करण्याचे आदेश १९६२मध्ये निघाले. समाजाने त्याविरुद्ध आंदोलन केले आणि १९६४मध्ये इस्रायलच्या संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचे मान्य केले. पुढे २०१६मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात बेने इस्रायलांमध्ये पश्चिम आशियातील ज्यू आणि भारतीय असे दोन्ही वारसे ठळकपणे दिसले. कोकणच्या मातीत शतकानुशतके रुजूनही त्यांनी शब्बाथ आणि प्रार्थना सोडली नव्हती, ही बाब त्यांच्या जुन्या शेजाऱ्यांना जनुकांशिवायही ठाऊक होती.

आज महाराष्ट्रात ज्यूंची संख्या जेमतेम अडीच हजार असल्याचे २०११च्या जनगणनेत दिसते. २०१६मध्ये राज्य सरकारने त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला. इस्रायलमध्ये स्थायिक झालेले बेने इस्रायल अजूनही ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक काढतात.

कोल्हापूरचे म्हाळुंग सुक्कोतला चालेल का?

जात म्हणून पाहिले तर चालेल. सिट्रस मेडिका हीच जात ज्यू धर्मनियमाला अपेक्षित आहे आणि तिचे मूळ भारतीय उपखंडाच्या या भागातच आहे. अडचण दोन ठिकाणी येते. पहिली कलमाची. रोपवाटिकेतून आणलेले झाड जंबेरीच्या किंवा इतर खुंटावर डोळा भरून तयार केलेले असेल, तर त्याचे फळ बाद. बियांपासून किंवा छाट लावून स्वतःच्या मुळावर वाढलेले परसातील झाड हवे. दुसरी अडचण परंपरेची. हे झाड पिढ्यान्‌पिढ्या निखळ राहिले, याची ग्वाही देणारी साखळी अनेक धर्मगुरूंना हवी असते. ती नसेल तर कर्मठ ज्यू कालाब्रियाचे किंवा इस्रायलचे प्रमाणित फळच घेतात.

इकडे वेगळीच अडचण आहे. म्हाळुंग हे व्यापारी पीक नाही. रस कमी आणि झाड काटेरी, म्हणून ते परसातून कमी होत गेले. पुणे जिल्ह्यातील महाळुंगे आणि सोलापूर जिल्ह्यातील महाळुंग या गावांच्या नावांत त्याचा उच्चार ऐकू येतो, पण फळ ओळखणारे कमी झाले आहेत. ज्यूंच्या विधीला दरवर्षी ताजे फळ लागते. त्यामुळे मोरोक्कोपासून इटलीपर्यंत त्याच्या बागा जपल्या गेल्या. आपल्याकडे ते दगडात आणि पोथीत सुरक्षित राहिले. झाडाची निकड मात्र उरली नाही. म्हाळुंगाचे बी सहज रुजते आणि छाटही लवकर मूळ धरतो. त्यामुळे हे झाड परत आणणे अवघड नाही.

पुढील वर्षांत नवरात्र आणि तिश्री महिना दर वेळी एकत्र येतीलच असे नाही. दोन्ही पंचांगे चंद्राच्या महिन्यांवर चालतात आणि सूर्याशी मेळ राखण्यासाठी अधिक महिना धरतात; पण तो एकाच वर्षी येत नाही. २०२३मध्ये आपल्याकडे अधिक श्रावण आल्याने सुक्कोत कोजागरीऐवजी भाद्रपद पौर्णिमेला सुरू झाला होता. २०२४ आणि २०२५ या दोन्ही वर्षी मात्र कोल्हापुरात कोजागरीचे दूध आटत असतानाच जेरुसलेममध्ये मांडव सजत होते आणि पेटीतून म्हाळुंगे बाहेर निघत होती.